पायऱ्यांवरचा चौथा

आमच्या स्टुडिओतून बाहेर पडलेल्या सिनेमांतला प्रत्येक पोलीस मागच्या वर्षापर्यंत, सोळा वर्षं, एकाच जोडीच्या बुटांत चालत होता. हिरोचा जिवलग मित्र असलेला इन्स्पेक्टर असो, नाहीतर लाच खाऊन ढेकर देणारा ठाणेदार असो, पडद्यावर तोंडं बदलायची, बूट तेच. आणि त्या बुटांतले पायही एकाच माणसाचे. त्याला आम्ही पायमास्तर म्हणतो. त्याचं खरं नाव पगारपत्रकात आहे, पण पगार वाटणाऱ्यालाही ते पटकन आठवत नाही.

लोकांना वाटतं, सिनेमात माणूस चालला की चालण्याचा आवाज आपोआप येतो. काही येत नाही. शूटिंगच्या वेळी माइक असतो नटाच्या तोंडाशी, पाय बिचारे बेवारस. नंतर एका बंद खोलीत कुणीतरी पडद्याकडे बघत तीच चाल पुन्हा चालतो आणि काचेच्या अलीकडे बसून मी ती रेकॉर्ड करते. एकवीस वर्षं हेच करते आहे. माझे कान तिखट आहेत आणि जीभही, असं घरचे म्हणतात. त्यांचं काही चुकत नाही.

मास्तरांचा खड्डा म्हणजे खोलीच्या मधोमध जमिनीत केलेले आठ चौकोन. एकात फरशी, एकात लाकूड, एकात वाळू, एकात खडी, पुढे लोखंडी पत्रा, माती, काँक्रीट आणि शेवटी लाकडी खोक्यावर बसवलेल्या दगडी पायऱ्या. भिंतीला बुटाचपलांची मांडणी. ज्या नायिकेच्या चालीवर अर्धं जग फिदा आहे, ती चाल आमच्या या पोट सुटलेल्या, पन्नाशीच्या गृहस्थाची आहे, हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. उंच टाचांचे सँडल चढवून मास्तर असे काही लचकत येत की काचेमागे मला तोंडावर रुमाल धरावा लागे. कोबी मुरगाळून ते हाडं मोडत. स्वतःच्या मनगटाचा मुका घेऊन त्यांनी किती प्रेमप्रकरणं पार पाडली असतील, त्याची गणतीच नाही.

त्या खोलीत मात्र माझा जीव कधी रमला नाही. भिंतींना जाड गाद्या, दार कोठारासारखं, बाहेर भरदुपार असली तरी आत ना उजेड, ना आवाज. पाच मिनिटं गप्प बसलं की स्वतःच्या कानातलं रक्त ऐकू येतं. नवखी माणसं घाबरून उगाच बोलायला लागतात. मास्तर तिथे जेवणाच्या सुट्टीतही एकटे बसायचे. मी एकदा विचारलं तेव्हा म्हणाले की इथे जे ऐकू येतं ते आपणच केलेलं असतं, तेवढाच निवांतपणा.

माणूस त्यांना डोळ्यांनी कळायचाच नाही. चेहरे विसरायचे, पावलं कधी नाही. मी जिना चढत असले की आतूनच विचारायचे, बाई, आज गुडघा दुखतोय वाटतं. दुखत असायचा. घरात ते आणि त्यांची वहिनी, दोघंच. थोरला भाऊ फार पूर्वी गेला एवढं मला ठाऊक होतं. वहिनीने आईच्या मायेने वाढवलं, लग्नाच्या भानगडीत मास्तर पडले नाहीत. खालच्या मजल्यावर एक निवृत्त हवालदारकाका राहतात, त्यांनीच या स्टुडिओत चिकटवलं, हेही त्यांनी सांगितलं होतं. पोलिसी बूटही काकांचेच. निवृत्त झाल्यावर त्यांनी ते पॉलिश करून, कागदात गुंडाळून मास्तरांना दिले होते. दोन्ही टाचांना लोखंडी नाल आणि डावी टाच जरा जास्तच झिजलेली.

मागच्या वर्षी आमच्याकडे एक सिनेमा आला. पोलिसांच्या भ्रष्टाचारावरचा, चांगलाच थरारक. जप्त केलेला माल एक बडा अधिकारी गुपचूप विकत असतो आणि गोदामातल्या एका कारकुनाने खरी नोंदवही लपवून ठेवलेली असते. दिग्दर्शिका तिशीची, दिवसाला अठरा कप कॉफी पिणारी आणि प्रत्येक वाक्यात 'टेन्शन पाहिजे' म्हणणारी. टेन्शन काय दुकानात मिळतं? पण बाईने काम चोख केलं होतं, हे मान्य करायला हवं. त्यातला एक प्रसंग असा की भरदुपारी तीन पोलीस जिना चढून त्या कारकुनाच्या घरी येतात, दार वाजवतात आणि त्याला घेऊन जातात. त्यानंतर तो जिवंत दिसत नाही.

आमची पद्धत अशी की एका वेळी एकाच माणसाची पावलं घ्यायची. पडद्यावर तिघं असतील तर मास्तर तीन वेळा चालणार, मग मी तिन्ही एकत्र लावणार. त्या दुपारी पहिला झाला, दुसरा झाला. तिसऱ्याला मास्तर पायऱ्या चढले, पडद्यावरचा पोलीस दाराशी थांबला आणि मास्तरांचे पाय मात्र चालत राहिले. पाच पावलं. उजवं ठक्कन पडायचं, डावं घासत यायचं. पाच झाली आणि पाय थांबले.

एकवीस वर्षांत मास्तर पडद्याच्या पुढे किंवा मागे अर्धं पाऊल गेलेले मी पाहिले नव्हते. मी बटण दाबून म्हटलं, मास्तर, जिना संपला, तुम्ही कुठे निघालात? त्यांनी वर पाहिलं. म्हणाले, मी थांबलो होतो की. मला वाटलं चेष्टा करतायत. मी त्यांना टेप ऐकवली. पहिल्या दोन ठोक्यांनाच त्यांचा चेहरा असा उतरला की मी टेप थांबवली. पुसून टाका, एवढंच ते म्हणाले.

पुसलं. पुन्हा घेतलं. या वेळी मी पडद्याकडे पाहिलंच नाही, त्यांच्या पायांकडे पाहत राहिले. त्यांचे डोळे पडद्यावर, मान स्थिर, हात शरीराशी घट्ट. पोलीस थांबला. कमरेपासून वरचे मास्तरही थांबले. आणि खाली पाय निघाले, ठक्, घस्स, ठक्, घस्स, ठक्. जसे काही ते पाय दुसऱ्याच कुणाचे होते आणि मास्तर नुसते त्यांच्यावर ठेवलेले होते. खोटं कशाला सांगू, मी खुर्चीवर पाय वर घेऊन बसले.

तिसऱ्यांदा मी त्यांना बूट काढायला लावले. नुसत्या मोज्यांवर ते चढले आणि बरोबर दाराशी थांबले. आम्ही दोघांनी एकदमच त्या बुटांकडे पाहिलं. ते खड्ड्याच्या कडेला, जिथे काढून ठेवले होते तिथेच होते. मास्तर खाली वाळूच्या चौकोनात बसले आणि मी काम बंद करून आत गेले. मग त्या मुक्या खोलीत त्यांनी मला जे सांगितलं ते आजवर त्यांनी कुणालाही सांगितलेलं नव्हतं.

एकतीस वर्षांपूर्वी मास्तर एकोणीस वर्षांचे होते. चुना उडून डोळे भाजले होते, दोन्ही डोळ्यांवर महिनाभर पट्टी. त्यांचा दादा ट्रकांच्या वजनकाट्यावर कारकून होता. ठरावीक ट्रक पोलीस वजन न करताच पुढे सोडायला लावायचे, आणि दादा पडला सरळ माणूस, त्याने चार पानी तक्रार लिहिली. लिहून झाल्यावर ती पहिल्यांदा वाचायला दिली खालच्या हवालदारकाकांना. घरचाच माणूस, कायद्यातलं कळणारा. काकांनी वाचली, पाठ थोपटली, दोन शुद्धलेखनाच्या चुका काढून दिल्या.

चौथ्या दिवशी दुपारी जिन्यावर पावलं वाजली. मास्तर बाहेरच्या खोलीत पट्टी बांधून पडलेले, वहिनी स्वयंपाकघरात. चार माणसं चढली. तिघं आत आली, बोलली, दादाला चप्पल घालायला सांगितलं. चौथा आत आला नाही. दाराबाहेर पाच पावलं चालून तो उभा राहिला, आणि दादाला नेईपर्यंत उभाच होता. दिवसातून चार वेळा जिन्याखालून जाणारी ती पावलं मास्तर लहानपणापासून ओळखत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी निरोप आला की कोठडीत दादाचं हृदय बंद पडलं. चौकशी झाली. तिघं आल्याचं त्या तिघांनीच सांगितलं. हवालदारकाका त्या दिवशी रजेवर, सासुरवाडीला असल्याची नोंद होती. मास्तरांना विचारलं, किती जण होते? ते म्हणाले, चार. जबाब घेणारा हसला. म्हणाला, पट्टी बांधून मोजलेस का, नीट आठव. मास्तरांनी आठवलं आणि तीन सांगितलं. त्यावर सही केली, तीसुद्धा न बघताच.

मग काका सासुरवाडीहून आले. वहिनीसमोर बसून रडले. म्हणाले, मी इथे असतो तर कुणाची छाती झाली नसती त्याला हात लावायची. त्या दिवसापासून काकांनी या घराला काही कमी पडू दिलं नाही. मास्तरांना नोकरी, वहिनीला शिवणयंत्र, दुखण्याखुपण्याला डॉक्टर. वहिनी रोज संध्याकाळी त्यांना चहा नेऊन देते. गेली दोन वर्षं त्यांच्या डोळ्यांत औषधाचे थेंबही तीच घालते.

मी विचारलं, मग ते बूट घेतलेत कशाला? मास्तर म्हणाले, "नको म्हटलं असतं तर का नको ते सांगावं लागलं असतं. आणि ते कळलं तर वहिनी जगायची नाही, बाई. तिला माणूस म्हणून तेवढाच एक आधार आहे." मला इतका संताप आला की कुणावर काढावा ते सुचेना. काकांवर, त्या जबाब घेणाऱ्यावर, की समोर वाळूत बसलेल्या या भल्या माणसावर? सोळा वर्षं तो आपल्या भावाला नेणाऱ्याच्या पावलांनी चालत होता आणि मी काचेमागून त्याला 'वा मास्तर, झकास' म्हणत होते.

दुसरा टेक मी रागारागात पुसलाच नव्हता. दुसऱ्या दिवशी दिग्दर्शिका आली, तिने तो ऐकला आणि कॉफीचा कप खाली ठेवला. पडद्यावर तिघं आणि पावलं चौघांची, अंगावर काटा आला म्हणाली. ही चौथी पावलं मागच्या स्पीकरवर टाका, प्रेक्षकांच्या पाठीशी. कल्पना कुणाची, म्हणून विचारलं. मला वाटलं मास्तर नको म्हणतील. ते बराच वेळ बुटाच्या टाचेवरून अंगठा फिरवत राहिले. मग म्हणाले, ठेवा. मला हळूच म्हणाले की सिनेमाच्या पहिल्या खेळाला काकांना बोलावतो, वहिनीला नाही. एकदा त्यांनी ऐकावं आणि मी ऐकलं होतं हे त्यांना कळावं, बस्स, यापलीकडे काही नको.

खेळ स्टुडिओच्याच छोट्या थिएटरात होता, दुपारी तीनचा, काम करणाऱ्यांसाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी. मी मागे प्रोजेक्टरच्या खिडकीशी उभी होते. पाच मिनिटं राहिली असताना मास्तर धावत आले. असे धावलेले मी त्यांना फक्त खड्ड्यात पाहिले होते.

"बाई, ती पावलं काढा. काका वहिनीला घेऊन आलेत."

मी खाली वाकून पाहिलं. तिसऱ्या रांगेत एक ताठ पाठीचा म्हातारा आणि त्याच्या शेजारी निळ्या साडीतली, केस घट्ट बांधलेली एक बाई. काका म्हणे निघताना तिला म्हणाले, आपल्या पोराचं नाव पडद्यावर येतंय आणि तू घरी बसतेस? आता काढायचं म्हणजे काय काढणार होते मी? सिनेमा पक्का होऊन मशीनवर चढला होता. मास्तरांना मी तसं सांगितलं. ते भिंतीला टेकले आणि दिवे गेले.

तासभराने तो प्रसंग आला. तीन पोलीस जिना चढले, मास्तरांच्याच पायांनी. दार वाजलं. तिघं आत गेले. आणि मग थिएटराच्या मागच्या अंधारातून, आमच्या अगदी जवळून, ठक्, घस्स, ठक्, घस्स, ठक्.

सत्तर माणसं होती. सगळ्यांनी श्वास रोखला आणि सगळे समोर बघत राहिले, कारण सिनेमा समोर असतो. एकट्या माणसाने मान वळवून मागे पाहिलं. तिसऱ्या रांगेतल्या त्या म्हाताऱ्याने. पडद्याच्या उजेडात त्याचा चेहरा मला स्पष्ट दिसला. मागे कोण उभं आहे ते तो शोधत नव्हता, कोण उभं असणार ते त्याला माहीत होतं. त्याच्या शेजारची बाई मागे वळली नाही. ती त्याच्याकडे बघत होती. पडद्यावरचा कारकून जिना उतरून गेला, पुढचा प्रसंग सुरू झाला, तरी ती त्याच्याकडेच बघत होती.

दिवे लागले तेव्हा काकांची खुर्ची रिकामी होती. मास्तर माझा हात धरून खाली आले. वहिनीसमोर जाऊन उभे राहिले. मग ती बोलली, अगदी रोजच्या आवाजात.

"तू पण चार मोजली होतीस?"

मास्तर खाली बसले. ती म्हणाली, "मला वाटायचं, तू तापात होतास, तुला काही कळलं नसेल. मी स्वयंपाकघराच्या दाराआड होते. ती टाच मी ओळखली. पण तुझ्या डोळ्यांवर पट्टी, हातात नोकरी नाही. तो देतो म्हणाला. मग मी गप्प बसले." मग म्हणाली, "चहा मात्र एकदाही त्याच्या समोर बसून प्यायले नाही रे."

एकतीस वर्षं दोघं एका घरात राहिली, एकाच ताटलीतून फोडी खाल्ल्या आणि एकमेकांना जपायचं म्हणून एकमेकांपासूनच लपवत राहिली. मला रडू आलं. मी रडले. दिग्दर्शिकेला वाटलं सिनेमा आवडला.

त्या संध्याकाळी वहिनी चहा घेऊन खाली गेली नाही. मास्तरांनी बूट घरी नेले आणि काकांच्या दाराशी ठेवले. दार आतून बंद होतं. आठवडाभर ते उघडलेलं कुणी पाहिलं नाही. आत हालचाल नाही, दिवा नाही, फक्त अधूनमधून कुणीतरी खोलीत पाच पावलं चालून थांबतं, असं मास्तर मला सांगायचे. बूट तीन दिवस बाहेर होते. चौथ्या दिवशी सकाळी नव्हते.

जुन्या प्रकरणांच्या चौकशीची एक कचेरी आहे. तिथे नव्याने जबाब देता येतो, हे दिग्दर्शिकेनेच शोधून काढलं. मी तिच्याबद्दल जे काही बोलले असेन त्यातलं निम्मं परत घेते. आम्ही तिघं गेलो, मास्तर, वहिनी आणि सोबत म्हणून मी. जिना उतरताना वहिनीने कचेरीचं नाव काकांच्या बंद दारापलीकडे ऐकू जाईल असं मोठ्याने घेतलं. लांबच लांब बोळ, दगडी फरशी, शेवटच्या खोलीत एक चष्मेवाला कारकून. सकाळचे अकरा वाजले होते, खिडकीतून चांगलं ऊन येत होतं. कारकुनाने नावं घेतली, तारीख घेतली आणि विचारलं, घरी किती जण आले होते?

मास्तरांनी तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. बोळाच्या दुसऱ्या टोकाकडून पावलं येत होती. उजवं ठक्कन, डावं घासत. मी झटकन मास्तरांच्या पायांकडे पाहिलं. पायांत साध्या चपला होत्या आणि पाय जमिनीवर स्थिर होते. बाहेरची पावलं आमच्या दारापर्यंत आली आणि उंबऱ्याच्या अलीकडे थांबली.

वहिनीने मागे वळून पाहिलं नाही.

"चार लिहा," ती म्हणाली. "चौथा बाहेर उभा आहे."

कारकुनाने चष्म्यावरून दाराकडे पाहिलं. मीही पाहिलं. म्हातारा उभा होता, दाढी वाढलेली, सदऱ्याची बटणं वरखाली लागलेली आणि पायांत ते बूट, ताजं पॉलिश केलेले. तो आत येत नव्हता आणि जातही नव्हता. कारकून म्हणाला, त्यांना बोलवा की आत. मास्तर उठायला लागले. सवयच तशी लागलेली, बिचाऱ्याला. वहिनीने त्यांच्या मनगटावर हात ठेवून त्यांना खाली बसवलं.

"तू बस. इतकी वर्षं त्यांची पावलं तूच टाकलीस. एवढी पाच त्यांची त्यांना टाकू दे."

कारकुनाने पेन उचललं आणि आम्ही सगळे दाराकडे कान लावून बसून राहिलो.